दिलेले आणि घेतलेले

गेल्या वर्षी जत्रेस पंधरा दिवस उरले असता देवळाच्या अग्रशाळेत उत्सव समितीची बैठक भरली होती. निमंत्रणपत्रिका वाटून झाल्या होत्या, पालखीच्या वाटेवरील दिव्यांची व्यवस्था ठरली होती आणि बैठक आता उठणार, इतक्यात एका महाजनांचा सोळा-सतरा वर्षांचा नातू आपला लॅपटॉप घेऊन आत आला. त्याने पडद्यावर जे दाखविले ते पाहून आम्ही सारे क्षणभर स्तब्ध झालो. आमचे देऊळ तेथे उभे होते. प्राकार, तळी, सभामंडपाचे खांब, तुळशीवृंदावन आणि अंगणातील सात मजली दीपस्तंभ, सारे काही चौकोनी ठोकळ्यांचे. आणि तरीही ते आमचेच देऊळ होते. 'माइनक्राफ्ट' नावाच्या संगणकावरील खेळात चार महिने खपून त्याने ते उभारले होते. खेळातल्या आकाशात सूर्य मावळला की दीपस्तंभाच्या कोनाड्यांतले दिवे उजळून दिसत. आमच्यातील एका वृद्ध बाईंनी तर नकळत हात जोडले.

जत्रेच्या रात्री हे देऊळ मोठ्या पडद्यावर दाखवावे असे समितीने तत्काळ ठरविले. मुलाने एवढेच मागितले, की चित्राखाली आपले नाव असावे. त्याचे कारणही त्याने सांगितले. पूर्वी त्याने असाच एक वाडा बांधला होता. तो कोणा अनोळखी मुलाने जशाचा तसा उचलून, स्वतःचे नाव लावून महाजालावर ठेवला आणि वाहवा मिळविली. हे सांगताना त्याचा आवाज कापत होता. तेव्हा आमच्यातील एका निवृत्त हिशेबनिसांनी, मनात काही न ठेवता, सहज विचारले, "हा खेळ कितीला पडला रे तुला?"

मुलगा गप्प झाला. मग हळूच म्हणाला, "सगळे तशेंच करतात न्हय?"

खेळाची ती प्रत विकत घेतलेली नव्हती. कुलूप तोडलेली, ज्याला मुले 'क्रॅक' म्हणतात, तशी ती होती. बैठकीत काही वेळ कोणी बोलेना. प्रश्न एका मुलाचा आणि एका खेळाचा होता. पण त्या दिवसापासून तो आम्हांस सोडीत नाही, म्हणून तो वाचकांपुढे ठेवीत आहोत. जे सुंदर आहे, जे स्वतःच्या कष्टाने आणि भक्तीने केले आहे, ते चोरून घेतलेल्या साधनावर उभे असेल तर त्याचे मोल काय? आणि मुळात त्यास चोरी म्हणावे काय?

प्रथम त्या मुलाने काय केले हे नीट समजून घेतले पाहिजे. माइनक्राफ्ट हा खेळ मार्कुस पेर्सोन या स्वीडिश गृहस्थांनी रचला. 2009 च्या मे महिन्यात तो प्रथम लोकांपुढे आला, 2011 च्या नोव्हेंबरात पूर्ण स्वरूपात प्रसिद्ध झाला आणि 2014 मध्ये 'मोजांग' ही त्यांची स्टॉकहोमची कंपनी मायक्रोसॉफ्टने अडीच अब्ज डॉलरांस विकत घेतली. खेळातले जग ठोकळ्यांचे असते. एक ठोकळा एक मीटर लांब, रुंद आणि उंच असे मानतात. हे जग संगणकावर काही फायलींत साठविले जाते. त्या फायली उघडून जगाची फेररचना करणारी स्वतंत्र सॉफ्टवेअरे आहेत. शिवाय खेळातच जोडून वापरायचे 'वर्ल्डएडिट' हे एक सॉफ्टवेअर आहे. त्याच्या साहाय्याने जगाचा एखादा भाग आखून घ्यावा, त्याची नक्कल करावी, ती फिरवून दुसरीकडे बसवावी, असे करता येते. दीपस्तंभाचा एक कोनाडा बांधला की आठही बाजूंस तो बसविता येतो. मुलाने वापरलेले वर्ल्डएडिट विनामूल्य मिळते आणि त्याचा सोर्स कोडही खुला आहे. ते वापरण्यात काहीच गैर नव्हते. गैर काही असेल तर ते त्याच्या खालच्या पायरीत होते.

त्या पायरीविषयी मुलाच्या बाजूने जे म्हणता येईल ते दुर्बळ नाही. एकाची गाय नेली तर त्याचा गोठा रिकामा होतो. खेळाची नक्कल केली तर कंपनीकडील खेळ जेथल्या तेथे राहतो. एका ज्योतीने दुसरी ज्योत लावली म्हणून पहिलीचा उजेड उणा होत नाही. शिवाय ज्या घरात महिन्याचा हिशेब जेमतेम जुळतो, तेथील मुलाने तो खेळ कधी विकतच घेतला नसता. मग कंपनीचे नुकसान ते कोणते? हा युक्तिवाद आम्ही अनेक सुशिक्षितांच्या तोंडून ऐकला आहे, आणि आम्हांसही तो काही काळ पटला होता हे कबूल केले पाहिजे.

पण आपल्या परंपरेने चोरीसाठी जो एक शब्द योजिला आहे, त्याकडे पाहिले की हा युक्तिवाद थबकतो. तो शब्द आहे 'अदत्तादान', म्हणजे न दिलेले घेणे. या शब्दात धन्याचे किती उणे झाले याचा उल्लेखच नाही. दिले होते की नव्हते, एवढेच तो विचारतो. शेजाऱ्याच्या घरी त्याच्या अपरोक्ष शिरून, त्याच्या झोपाळ्यावर तासभर बसून, एकही वस्तू न हलविता आम्ही परत आलो, तर त्याचे काय गेले? वस्तू म्हणून काहीच नाही. तथापि त्याचे घर त्याचे आहे, तेथे कोणी यावे हे त्याने ठरवावयाचे आहे, ही गोष्ट आम्ही त्याच्यापासून हिरावून घेतली. आणि गंमत अशी, की मुलाची स्वतःची तक्रार याच जातीची होती. त्याचा वाडा त्याच्या संगणकावर शाबूत होता, त्याचा एक ठोकळाही कोणी नेला नव्हता. मग त्याचा आवाज कापला तो का? आपल्या मर्जीवाचून कोणी आपल्या श्रमावर हात टाकला, हे त्यास सहन झाले नाही. ज्या क्षणी त्याने चित्राखाली आपले नाव मागितले, त्या क्षणी खेळ रचणाऱ्यांचा हक्क त्याने न बोलता मान्य केला होता.

येथे कोणी असे समजू नये, की धनी म्हणजे केवळ कुलूप आणि खेळणारा म्हणजे केवळ गिऱ्हाईक. या क्षेत्राच्या इतिहासात औदार्याचीही उदाहरणे आहेत. 10 डिसेंबर 1993 रोजी अमेरिकेतील टेक्सास राज्यातल्या 'इड सॉफ्टवेअर' या छोट्या कंपनीने 'डूम' नावाचा खेळ प्रसिद्ध केला. त्याचा पहिला तृतीयांश भाग सर्वांस फुकट होता. ज्यास तो आवडेल त्याने पुढचे भाग पैसे भरून घ्यावेत अशी योजना होती. या कंपनीच्या आधीच्या खेळात हौशी लोक मूळ फायली खोडून आपली चित्रे घुसवीत असत. त्यांचा मुख्य रचनाकार जॉन कार्मॅक याने रागावण्याऐवजी नवा खेळच अशा रीतीने रचला, की खेळ चालविणारे यंत्र वेगळे आणि जग वर्णन करणारी फाइल वेगळी राहावी. मूळ काहीही न बिघडविता कोणीही स्वतःचे जग त्यात जोडावे, ही त्यामागची दृष्टी होती. 1994 च्या आरंभीच न्यूझीलंडच्या ब्रेंडन वायबर याने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी असे जग रचण्याचे सॉफ्टवेअर तयार केले. त्या वेळी कंपनीची अट एवढीच होती, की नवी जगे फुकट भागावर चालू नयेत. ज्याने खेळ विकत घेतला आहे त्यासच ती खुली असावीत. वायबरच्या सॉफ्टवेअरने ही अट पाळली. पुढे तर अशी जगे रचणाऱ्या हौशी मंडळींच्या एका गटाची बत्तीस प्रांगणे, जी ते फुकट वाटावयास निघाले होते, ती कंपनीने विकत घेऊन 1996 मध्ये स्वतःच प्रसिद्ध केली. आणि 1997 च्या डिसेंबरात कंपनीने खेळाच्या यंत्राचा सोर्स कोडच लोकांस खुला केला.

या हकीकतीत आम्हांस महत्त्वाचे वाटते ते हे, की दान आणि अट येथे एकत्र नांदली. घर खुले होते, पण त्यास दार होते. दारातून येणाऱ्यास खोल्या बदलण्याची, नवे मजले चढविण्याची मुभा होती. देवळाच्या सभामंडपात कीर्तन करण्यास कोणास मज्जाव नसतो; तथापि पादत्राणे बाहेर काढावी लागतात, आणि त्यात कोणास अपमान वाटत नाही.

दुसरी हकीकत अशी सरळ नाही. 'ड्यूक न्यूकेम 3डी' हा खेळ 1996 मध्ये निघाला. त्याच्यासोबत नवी जगे रचण्याचे सॉफ्टवेअर कंपनीने स्वतः होऊनच दिले होते. अट अशी, की रचलेले जग दुसऱ्यास द्यावयाचे तर फुकटच द्यावे. हजारो हात कामास लागले. तेव्हा 'मायक्रो स्टार' नावाच्या एका व्यापारी कंपनीने महाजालावरून हौशी लोकांची 300 जगे गोळा केली, एका तबकडीवर छापली आणि बाजारात विकावयास मांडली. प्रकरण न्यायालयात गेले. 1998 मध्ये अमेरिकेच्या नवव्या परिमंडळाच्या अपील न्यायालयाने निकाल दिला, की त्या जगांच्या फायलींत मूळ खेळाचे एकही चित्र नसले, तरी त्या मूळ नायकाच्या कथेचाच पुढचा भाग सांगतात. आणि कथेचा पुढचा भाग सांगण्याचा हक्क मूळ कर्त्याचा आहे. व्यापाऱ्याची बाजू पडली.

निकाल योग्यच होता असे आम्हांस वाटते. पण त्या खटल्यात एक गोष्ट खटकते. ज्यांनी रात्री जागून ती 300 जगे रचली, ते वादीही नव्हते आणि प्रतिवादीही नव्हते. मूळ कंपनीच्या हक्काचा विचार झाला, व्यापाऱ्याच्या नफ्याचा विचार झाला; ज्यांनी फुकट दिले होते त्यांच्या दानाचा विचार करणारे तेथे कोणी नव्हते. दुसऱ्याने देवापुढे ठेवलेला नारळ उचलून बाजारात विकणाऱ्यास आम्ही काय म्हणतो? कायदा मालकाचे रक्षण करतो, आणि त्याने ते करावेच. परंतु दात्याचे रक्षण पुष्कळदा केवळ घेणाऱ्याच्या सदसद्विवेकावर सोपविलेले असते. म्हणून 'कायद्याने चालते काय?' एवढे विचारून मनुष्याची सुटका होत नाही. 'हे ज्याने दिले त्याने कशासाठी दिले?' हा दुसरा प्रश्नही त्यास विचारावा लागतो.

आपल्या देशाचा कायदा पाहिला तरी हेच सूत्र सापडते. 1957 च्या प्रताधिकार कायद्याच्या 52 व्या कलमाने संगणकाच्या आज्ञावलीची प्रत ज्याच्याकडे रीतसर आली आहे, त्यास काही मोकळीक दिली आहे. ती ज्या कामासाठी मिळाली त्या कामासाठी तिची आवश्यक ती नक्कल किंवा जुळवाजुळव त्याने करावी. प्रत नष्ट होईल या भीतीने एक राखीव प्रतही ठेवावी. या सर्व सवलती 'रीतसर धारक' या दोन शब्दांवर टांगलेल्या आहेत. उलट 63-ब या कलमान्वये बेकायदा प्रत जाणूनबुजून संगणकावर वापरणे हा कमीत कमी सात दिवसांच्या कैदेचा आणि दंडाचा अपराध आहे. नफ्यासाठी किंवा व्यापारात वापर झालेला नसेल तर न्यायालयास कैद माफ करता येते, हे खरे. म्हणजे कायदाही मुलाकडे थोड्या मायेने पाहतो. पण माया दाखविली म्हणून कृत्य योग्य ठरले असे होत नाही.

आता दुसऱ्या बाजूसही न्याय दिला पाहिजे, कारण मालकांचे वर्तन नेहमीच निर्मळ असते असे नाही. 'विकत घ्या' असे लिहिलेल्या बटणावर बोट ठेवून आपण पैसे भरतो, आणि हाती येते ते विकत घेतलेली वस्तू नव्हे, तर वापरण्याचा परवाना. विक्रेत्याने दुकान बंद केले की परवानाही संपतो. ही फसगत इतकी उघड झाली, की अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याने 2024 मध्ये कायदा करून विक्रेत्यांवर हे स्पष्ट सांगण्याचे बंधन घातले. कंपनीने आपली यंत्रणा बंद केल्यामुळे निरुपयोगी झालेले, पण रीतसर विकत घेतलेले खेळ चालू करण्यासाठी कुलूप उघडण्याची मर्यादित मुभाही त्या देशाने 2015 मध्ये दिली. म्हणजे धन्याच्या हक्कासही सीमा आहे, आणि ती सीमा उघडपणे भांडून, मागून, कायदा बदलून आखून घ्यावी लागते. रात्री खिडकीतून शिरणाऱ्याने ती आखली जात नाही.

आणि गरिबाचे काय? हा प्रश्न टाळणे अप्रामाणिकपणाचे होईल. ज्याच्याजवळ पैसे नाहीत त्या मुलाने जग रचूच नये काय? रचावे, अवश्य रचावे. त्यासाठी उघड्या दारांची घरे आज आहेत. 'मिनेटेस्ट' या नावाने 2010 मध्ये फिनलंडच्या एका तरुणाने आरंभिलेले आणि 2024 पासून 'लुआन्टी' या नावाने ओळखले जाणारे ठोकळ्यांच्या जगाचे सॉफ्टवेअर पूर्णपणे विनामूल्य आणि खुले आहे. ते घ्यावे, बदलावे, मित्रास द्यावे, याची त्याच्या कर्त्यांनीच परवानगी दिली आहे. डूमच्या खुल्या यंत्रावर चालणारी, नव्याने काढलेल्या चित्रांची 'फ्रीडूम' ही रचनाही तशीच मुक्त आहे. जेथे 'घे' म्हणून हात पुढे आलेला आहे, तेथे पाठ फिरवून बंद कपाटच फोडावे असे वाटणे, यात गरिबी किती आणि प्रतिष्ठेचा मोह किती, हे प्रत्येकाने आपल्याशीच तपासावे.

असे बरेच काही त्या दिवशी अग्रशाळेत बोलले गेले. आम्ही वडीलधारी मंडळी बोलण्यात वाकबगार. अस्तेय, श्रम, दान असे मोठमोठे शब्द आमच्या तोंडून निघाले. मुलगा मान खाली घालून ऐकत होता. शेवटी त्याने मान वर केली आणि समोरच्या मेजावर पडलेल्या जत्रेच्या निमंत्रणपत्रिकेकडे बोट दाखविले. तो म्हणाला, "आनी पत्रिकेवयलें चित्र?"

पत्रिकेच्या मुखपृष्ठावर आमच्या दीपस्तंभाचे सांजवेळचे छायाचित्र होते. फारच सुंदर चित्र. ते समितीतील एकाने महाजालावरून घेतले होते. कोणी काढले, कोणास विचारले, याचे उत्तर आमच्यापैकी एकाजवळही नव्हते. देवाच्या कामासाठी घेतले, असे कोणी तरी पुटपुटले. पण मुलानेही देवाचे देऊळच बांधले होते, हे लक्षात येताच तो आवाज विरला.

त्या क्षणापासून हा प्रश्न आमच्यासाठी मुलाचा राहिला नाही. दीपस्तंभाचा दगड ज्यांनी घडविला त्या पाथरवटांची नावे आम्हांस ठाऊक नाहीत. त्यांनी ती कोरलीही नाहीत. म्हणून आपल्या समाजास अशी सवय लागली आहे, की जे देवळाभोवती आहे ते सर्वांचे, आणि सर्वांचे म्हणजे कोणाचेच नाही. पाथरवटांनी नाव सोडले ते स्वेच्छेने असेल वा नाइलाजाने. छायाचित्रकाराचे नाव मात्र आम्ही स्वतःच पुसले. देणाऱ्याने स्वतःचे नाव वगळणे यास नम्रता म्हणता येईल. घेणाऱ्याने ते वगळले तर ते अपहरणच होय.

मुलाची चूक दुरुस्त होण्यासारखी होती. आजोबांनी निम्मे आणि त्याने आपल्या चतुर्थीच्या खाऊच्या पैशांतून निम्मे देऊन खेळाची रीतसर प्रत घेतली. त्याने रचलेले देऊळ त्याचेच होते. ते जग साठविलेल्या फायली त्याने नव्या प्रतीत नेऊन ठेवल्या आणि देऊळ तेथे जसेच्या तसे उभे राहिले. चार महिन्यांच्या लबाडीचे पाप यामुळे धुऊन निघाले काय, याचा निवाडा आम्ही करीत नाही. पण आता कोणी त्याच्या देवळावर हात टाकला, तर 'हे माझे आहे' असे म्हणताना त्याचा आवाज कापणार नाही, एवढे खरे.

जत्रेच्या रात्री ते देऊळ पडद्यावर झळकले. खाली मुलाचे नाव होते. त्याच्याखाली त्यानेच आग्रहाने खेळाचे आणि वर्ल्डएडिटचे नाव लिहविले होते, आणि सर्वांत शेवटी एक ओळ होती: 'दीपस्तंभ घडविणारे अज्ञात पाथरवट.'

आमच्या पत्रिका मात्र वाटून झाल्या होत्या. गावोगावच्या कुळाव्यांच्या घरी त्या पोहोचल्या होत्या, कित्येकांनी देव्हाऱ्याशेजारी ठेवल्याही असतील. त्या परत मागविणे शक्य नव्हते. समितीने दुसऱ्या दिवशी छायाचित्रकाराचा शोध आरंभिला. तो अजून लागलेला नाही. यंदाच्या पत्रिकेचे मुखपृष्ठ काय असावे असा विषय बैठकीत निघाला, तेव्हा आम्ही प्रथम त्या मुलाकडे गेलो आणि त्याचे देऊळ छापावयास त्याची परवानगी मागितली.